उघडेल त्याच्यासाठी

इंटरनेटच्या फायबर केबली जोडण्याच्या कामात सगळं कौतुक स्प्लायसिंग मशीनच्या वाट्याला येतं. झाकण लावलं की पडद्यावर काचेची दोन टोकं समोरासमोर सरकतात, मधे ठिणगी पडते, टोकं वितळून एक होतात आणि जोडात किती प्रकाश वाया जातो त्याचा आकडा खाली उमटतो, 0.02 डीबी. रस्त्यावर घोळका करून उभी राहिलेली पोरं तेवढं बघतात आणि निघून जातात. त्यानंतरचा तास-दीड तास कुणी बघत नाही, आणि खरं काम त्या तासातच असतं. जोडलेले काचेचे धागे जॉइंटच्या डब्यातल्या ट्रेमध्ये लावायचे, केबल पकडीत आवळायची, डबा सील करायचा, नोंद लिहायची. मशीन आता इतकी चांगली झाली आहेत की नवा पोरगाही आठवडाभरात बरा जोड देतो. जॉइंट बॉक्स नीट भरायला त्याला वर्ष लागतं, आणि कुणी शिकवलंच नाही तर कधीच येत नाही.

मी सोलापुरात हे काम करतो. सात रस्ता, विजापूर रोड, जुळे सोलापूर, होटगी रोड, अक्कलकोट रोडची एमआयडीसी, कुठेही जा, रस्त्याखाली किंवा खांबावर केबल आहे, आणि केबल आहे तिथे जॉइंट आहे. केबलचं ड्रम साधारण दोन किंवा चार किलोमीटरचं येतं. ड्रम संपलं की जॉइंट. शाखा फुटली की जॉइंट. जेसीबीने केबल तोडली तर बहुतेक वेळा एकाच्या जागी दोन, कारण तुटलेली टोकं ओढून जुळत नाहीत, मधे नवा तुकडा घालावा लागतो. शहर जितकं खणलं जातं तितके डबे वाढत जातात, आणि यातला प्रत्येक डबा कधी ना कधी कुणीतरी उघडणार असतो. तो उघडणारा बहुतेक मी नसतो. दुसऱ्या ठेकेदाराचा माणूस असतो, रात्रीची वेळ असते, वरून फोन चालू असतात. माझं म्हणणं एवढंच आहे, की डबा बंद करतानाच त्या माणसाचा विचार झाला पाहिजे. या कामातला चांगला-वाईट हात मी त्यावरूनच ओळखतो.

ज्यांच्या हाताखाली मी शिकलो ते आमचे अण्णा साखर पेठेतले. घरात तेलुगू, कामावर मराठी, चिडले की कन्नड. जागेवर पोचल्यावर ते सगळ्यात आधी काळ्या पाठीचा जुना फ्लेक्स उलटा अंथरायचे. काचेचा तुकडा काळ्यावर चमकतो, म्हणून. धागा कोटिंगसकट 250 मायक्रॉनचा, सोलला की 125 चा, आणि प्रकाश ज्यातून जातो तो गाभा जेमतेम 9 मायक्रॉनचा. क्लीव्हरने कापलेलं टोक बोटात घुसलं तर दिसतही नाही आणि निघतही नाही. अण्णांच्या शेजारी झाकणाची एक बाटली असायची, प्रत्येक तुकडा तिच्यात जायचा. साबणाने हात धुऊन, कपडे झटकून मगच भाकरी-चटणीचा डबा उघडायचा. यात त्यांनी कुणाला सूट दिल्याचं मला आठवत नाही.

ट्रे लावण्याची त्यांची पद्धत मी आजही बदललेली नाही. केबलमधले धागे ज्या बारीक नळीत असतात ती ट्यूब ट्रेच्या तोंडाशी टायने बांधायची, पण इतकीही आवळायची नाही की आतला धागा दबेल. तिथून पुढे उघडा धागा ट्रेत फिरवायचा, आणि वळण 30 मिलिमीटर त्रिज्येपेक्षा लहान होऊ द्यायचं नाही. दोन-तीन फेरे जास्तीचे ठेवायचे. हे जास्तीचे फेरे आजच्या जोडाला लागत नाहीत. उद्या तो जोड तोडून पुन्हा करायची वेळ आली तर धागा मशीनपर्यंत पोचला पाहिजे, त्यासाठी ते असतात. ज्याने घाईत धागे आखूड कापून ट्रेत कोंबले, त्याच्या डब्यात एक जोड बिघडला की पुढच्या माणसाला केबल मागून सोलत यावी लागते, आणि तोवर त्या ट्यूबमधले बाकीचे चालू धागेही बंद ठेवावे लागतात. एका घराच्या तक्रारीसाठी अख्खी गल्ली अंधारात बसते.

वळणाचं महत्त्व ओटीडीआर, म्हणजे धाग्यात प्रकाश सोडून कुठे किती लॉस होतो, किती प्रकाश कमी होतो, ते रेघेवर दाखवणारं यंत्र, फार स्पष्ट दाखवतो. जितकी तरंगलांबी जास्त तितका प्रकाश वळणावर जास्त गळतो. एकाच ठिकाणी 1310 नॅनोमीटरवर लॉस ठीक दिसला आणि 1550 वर पायरी मोठी दिसली, तर जोडाला हात लावायचा नाही. ट्रे उघडून कुठे धागा चिमटला आहे ते शोधायचं. ही खूण ठाऊक नसलेले लोक चांगला जोड तोडून नवा करतात, लॉस तसाच राहतो, मग आणखी एकदा तोडतात, आणि जास्तीचा धागा तिथेच संपतो.

आणि लॉस म्हणजे तरी किती? आजच्या फायबरमध्ये 1550 वर किलोमीटरला साधारण 0.2 डीबी प्रकाश कमी होतो. 1970 मध्ये जगात जी पहिली कामाची काच तयार झाली तिच्यात किलोमीटरला 20 डीबीच्या खाली येणं हाच पराक्रम होता. भारतात पहिली फायबर लाईन 1979 मध्ये पुण्यात शिवाजीनगर आणि कॅन्टोन्मेंट एक्स्चेंजच्या मधे पडली. आता आपल्याच छत्रपती संभाजीनगरात हा धागा तयार होतो. काच इतकी सुधारली, म्हणूनच आपल्या हाताची चूक आता महाग पडते. 0.2 डीबीचा एक गचाळ जोड म्हणजे एक किलोमीटर काच फुकट. घरोघरी जाणाऱ्या लाईनला एकूण लॉसचा हिशेब साधारण 28 डीबीचा असतो. त्यातले सतराच्या आसपास एका धाग्यातला प्रकाश बत्तीस धाग्यांत वाटणारा स्प्लिटरच खातो. उरलेल्या अकरामध्ये अंतर, कनेक्टर, जोड, वळणं आणि पुढच्या दहा वर्षांतले सगळे कट बसवायचे. ग्राहकाला यातलं काही दिसत नाही. त्याला फक्त राऊटरवरचा लाल लाईट दिसतो.

आता मातीबद्दल. कंपनीच्या पुस्तकात डबा कसा बसवायचा याची चित्रं असतात, पण सोलापूरच्या काळ्या मातीचं चित्र त्यात नसतं. ही माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात आटते. मे महिन्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात. लाईन 1.65 मीटर खोल टाकायचा सरकारी निकष आहे, पण शहरात इतकी खोली मिळतेच असं नाही, आणि मिळाली तरी चेंबर, डक्ट, केबल हे सगळं जमिनीबरोबर थोडं थोडं हलत राहतं. केबलच्या मधोमध एक ताठ रॉड असतो आणि बहुतेक केबलींत भोवती पिवळे अरामिड धागे. ओढ सोसायची ती यांनीच. डब्यात हा रॉड पकडीच्या स्क्रूखाली घट्ट बसला नसेल, अरामिड कापून फेकून दिलं असेल, तर ओढ ट्यूबवर येते, ट्यूबवरून धाग्यावर, आणि ट्रेमधलं तुमचं सुंदर वळण दोन उन्हाळ्यांत ताणून कोपऱ्याला लागतं. डब्याच्या पायाशी असलेले ते दोन स्क्रू आवळायला पाच मिनिटं लागतात. ते न आवळलेले मी पुष्कळ ठिकाणी पाहिले आहेत, आणि दरवेळी राग येतो, कारण जोड करणाऱ्याने जोड उत्तम केलेला असतो.

पाण्याचंही असंच. काचेला पाणी लागलं तर बिघडतं काय, असं नवी पोरं विचारतात, आणि प्रश्न अगदी रास्त आहे. काचेच्या पृष्ठभागावर डोळ्याला न दिसणाऱ्या चिरा असतातच. धागा वाकलेला असला की त्याच्या बाहेरच्या बाजूवर ताण असतो. तिथे ओल पोचली की पाण्याचे रेणू चिरेच्या टोकाशी सिलिकॉन आणि ऑक्सिजनचे बंध तोडत जातात आणि चीर हळूहळू सरकते. आज काहीच होत नाही. ओटीडीआरची रेघ आज स्वच्छ येते. काही महिन्यांनी, कुणी हातही लावलेला नसताना, धागा तुटतो. पावसाळ्यात भिजलेला डबा दिवाळीत किंवा पुढच्या उन्हाळ्यात दगा देतो तो असा, आणि तोपर्यंत कारण कुणाच्याच ध्यानात राहिलेलं नसतं. ऑक्टोबर 2020 मध्ये जिल्ह्यात अतिवृष्टी झाली, भीमेला पूर आला. त्यानंतर पाण्यात राहिलेले डबे उघडताना एक गोष्ट मी नीट पाहिली. नीट सील केलेले डबे आतून कोरडे होते, बाहेर कितीही चिखल असो. पाणी आत गेलं होतं ते बहुतेक न वापरलेल्या पोर्टमधून. केबल घातलेल्या तोंडाची सगळे काळजी घेतात. रिकाम्या तोंडाला प्लग लावायचा राहतो.

सील करण्याच्या दोन तऱ्हा आहेत. एक तापवून आकसणारी नळी, दुसरी रबरी गॅस्केट आणि क्लॅम्पची. नळी लावायची तर केबलचं आवरण पॉलिश पेपरने खरवडून, अल्कोहोलने पुसून, फॉइल गुंडाळून मग चहूबाजूंनी सारखी आच द्यावी लागते. आच एका बाजूला जास्त झाली तर नळी जळते, कमी झाली तर गोंद वितळत नाही आणि बाहेरून सगळं ठाकठीक दिसतं. माझं मत असं आहे, की शहरातल्या डब्यांना गॅस्केटचीच तऱ्हा ठेवावी. इथे दर थोड्या दिवसांनी कुणाची तरी नवी जोडणी निघते, डबा उघडावा लागतो, आणि दरवेळी नळी कापून नवी लावायला ना वेळ असतो ना सामान. हैदराबाद हायवेसारख्या ठिकाणी, जिथे डबा वर्षानुवर्षं उघडायचा नसतो, तिथे नळी चांगली. तऱ्हा कुठलीही असो, शेवटी व्हॉल्व्हमधून थोडी हवा भरून सांध्यांवर साबणाचं पाणी लावावं. बुडबुडा आला तर डबा पुन्हा उघडायचा. ही परीक्षा जवळजवळ कुणीच करत नाही. अण्णा करायचे. पोरांनी घाई केली की म्हणायचे, "थांब की बे, हवा जाती तिथनं पानी येनारच."

आपल्या शहराची आणखी एक अडचण आहे, जी दुसरीकडच्या लोकांना सांगितली तर पटकन कळत नाही. अशोक चौकाकडे किंवा एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात जोडणी द्यायला गेलं की हवेत सूत असतं. माग चालू असले की बारीक तंतू सगळीकडे उडत असतात, कपड्यांवर, भुवयांवर, मशीनवर. स्प्लायसिंग मशीनमध्ये धागा ज्या खाचेत बसतो तिथे एक तंतू अडकला की धागा तिरका बसतो, आणि टोकावर अडकला तर ठिणगीत जळून जोडात बुडबुडा राहतो. त्यात मागांच्या खडखडाटाने फरशी थरथरत असते. आम्ही मालकांना आधीच सांगतो, "मालक, मशीन आत आणत नाही, गाडीतच जोड करतो." त्यासाठी केबल गाडीपर्यंत यायला हवी, म्हणजे लूप हवा. जमिनीखालच्या जॉइंटलाही दोन्ही बाजूंनी दहा-पंधरा मीटर केबल गुंडाळून ठेवायची ती याच कारणासाठी. डबा चेंबरमधून वर काढून गाडीत नेता आला पाहिजे. लूप वाचवून केबल वाचवणारा माणूस पुढच्याला खड्ड्यात पालथं झोपून काम करायला लावतो.

जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेआधी जुन्या शहरात वेगळंच काम निघतं. सिद्धरामेश्वरांचे सातही नंदीध्वज बाळीवेशीतून निघतात, अडुसष्ट लिंगांना जातात, संमती कट्ट्यावर अक्षता सोहळा होतो. नंदीध्वज उंच असतात, ते तोलून नेणाऱ्यांच्या वाटेत तार आली तर चालत नाही. म्हणून मार्गावर आडव्या लोंबणाऱ्या केबली आधी उतरवाव्या किंवा वर घ्याव्या लागतात. एरवी एकमेकांचे ग्राहक पळवणारे ऑपरेटर त्या दिवसांत एकाच शिडीवर काम करताना दिसतात. मला हे काम मनापासून आवडतं, आणि त्यातून वर्षाला एकदा खांबावरचे डबे हाताळायला मिळतात हा फायदा वेगळाच. कुठल्या डब्याचा क्लॅम्प सुटलाय, कुठे मुंग्यांनी घर केलंय, कुठे केबल डब्यात वरून शिरतेय, हे सगळं तेव्हा दिसतं. खांबावर केबल डब्यात नेहमी खालून, वळसा देऊन आत घ्यावी. वरून सरळ आणली तर पावसाचं पाणी तिच्याच अंगावरून ओघळत सीलपर्यंत येतं.

नोंदीबद्दल मला जास्त बोलावंसं वाटतं, कारण तिथे आपण फारच कमी पडतो. ओटीडीआर सांगतो, कट 3.42 किलोमीटरवर आहे. पण ते काचेचं अंतर झालं. ट्यूब केबलमध्ये पिळून बसवलेल्या असतात, त्यामुळे आतला धागा केबलपेक्षा थोडा लांब असतो. शिवाय मधल्या प्रत्येक जॉइंटला लूप आहेत. रस्त्यावर मोजलेलं अंतर आणि मशीनचं अंतर त्यामुळे कधीच जुळत नाही. कुठल्या डब्याजवळ किती लूप ठेवला आहे हे लिहिलेलं असेल तर दोन आकड्यांतून बरोबर जागेवर जाता येतं. नसेल तर माणसं रात्रभर अंदाजाने चेंबर उघडत फिरतात, आणि त्यातली काही चेंबरं तर नव्या काँक्रीट रस्त्याखाली गेलेली असतात. नोंदीत रंगही हवेत. निळा, केशरी, हिरवा, तपकिरी, राखाडी, पांढरा, लाल, काळा, पिवळा, जांभळा, गुलाबी, अ‍ॅक्वा हा क्रम सगळ्यांना पाठ असतो. पण मोबाईलच्या टॉर्चमध्ये ट्यूबमधली जेली लागलेला राखाडी आणि पांढरा सारखेच दिसतात. जुन्या डब्यात कुणीतरी निकडीला निळ्याला केशरी जोडून ठेवलेला असतो, आणि तो का जोडला हे कुठेच लिहिलेलं नसतं. मी आमच्या पोरांना सांगतो, की तसा उलटा जोड करायची वेळ आली तर त्याचं कारण कागदावर लिहून, पाऊचमध्ये घालून डब्यात ठेवा. तारीख, कुठून कुठे केबल, लूप किती, कुठले धागे चालू, कुठले रिकामे. पेन्सिलने लिहा, शाई ओलीने पसरते.

हे सगळं माहीत असूनही डबे वाईट का भरले जातात? कारण पैसे कशाचे मिळतात ते बघा. बिलात जोडाला दर असतो, डब्याला दर असतो, कट दुरुस्त केला की दर असतो आणि उशीर झाला की दंड असतो. ट्रे नीट लावण्याला दर नाही. रॉड आवळण्याला नाही, साबणाच्या पाण्याला नाही, नोंदीला नाही. रात्री दोन वाजता चार तासांची मुदत संपत आलेली असताना माणूस धागे जोडतो, प्रकाश आला की डबा कसाबसा मिटतो, टेप गुंडाळतो आणि म्हणतो, उद्या येऊन नीट करतो. उद्या दुसरीकडे कट असतो. तात्पुरता म्हणून बांधलेला तो डबा वर्षानुवर्षं तसाच राहतो. मी त्या माणसाला दोष देत नाही. अंगात ताप असताना, पावसात, छत्रीखाली मशीन धरून काम करणारी माणसं मला माहीत आहेत. दोष आहे तो काम मोजण्याच्या रीतीचा. माझं ठाम मत आहे, की डब्याची काही रक्कम राखून ठेवावी आणि पावसाळा संपल्यावर त्याच धाग्यांची दोन्ही तरंगलांबींवर तपासणी करून मगच ती द्यावी. बंद करण्याआधीच्या ट्रेचा फोटो बिलासोबत सक्तीचा करावा. तात्पुरत्या डब्यांची वेगळी यादी असावी आणि ते पक्के करण्याला वेगळा दर असावा. यात खर्च आहे, पण एकाच जागी वर्षातून तीनदा माणसं धावण्याच्या खर्चापेक्षा तो नक्की कमी आहे.

खणणाऱ्यांशी आधी बोलण्याची सोय तर सरकारनेच केली आहे. 22 मार्च 2023 ला 'कॉल बिफोर यू डिग' हे ॲप सुरू झालं. खणणाऱ्याने जागा टाकायची, ज्यांच्या लाईनी तिथे आहेत त्यांना निरोप जातो. आमच्याकडे जेव्हा असा निरोप येतो तेव्हा आम्ही जेसीबीच्या आधी जाऊन मार्ग दाखवतो, आणि कट टळतो. पण पाण्याच्या लाईनीसाठी निकडीने खड्डा घेणारा छोटा ठेकेदार अजून यात आलेला नाही. त्याच्यापर्यंत हे पोचवायला महापालिकेच्या खोदाईच्या परवान्यातच ॲपवरची नोंद सक्तीची केली पाहिजे.

मे महिन्यात, पाऊस यायच्या आत, आम्ही सखल भागातल्या चेंबरांपासून सुरुवात करतो. आधी झाकण, मग चेंबरमधला गाळ, मग डब्याचे क्लॅम्प आणि रिकामे पोर्ट. बाहेरून सगळं बरं दिसत असेल आणि रिकाम्या धाग्यांवर ओटीडीआरची रेघ गेल्या वर्षीसारखीच असेल, तर डबा उघडायचा नाही. विनाकारण उघडलेलं सील हेही नुकसानच. हे काम तुमच्या मदतीनेही होऊ शकतं. गल्लीत खांबावरून काळा डबा केबलला लोंबत असेल, त्याचं झाकण उघडं असेल किंवा चेंबरचं झाकण फुटलेलं असेल, तर फोटो काढून तुमच्या ऑपरेटरला जागेसकट पाठवा. डबा त्याचा नसला तरी कुणाचा आहे हे त्याला माहीत असतं. सुतळीने स्वतः बांधू नका, त्यात केबलला मुरड पडते. लहान मुलांना दूर ठेवा. तुटलेल्या टोकात डोळा लावून प्रकाश येतोय का ते बघू नका. तो प्रकाश अवरक्त असतो, डोळ्याला दिसत नाही, पण इजा करू शकतो.